रखडलेला निकाल नेमका कोणाच्या टेबलावर अडला आहे?

पत्राचा सारांश : नागपूरच्या एका संलग्न महाविद्यालयातून बी.एस्सी. करणाऱ्या विद्यार्थिनीचे हे पत्र आहे. सहाव्या सत्राची परीक्षा संपून दोन महिने झाले, तरी तिचा निकाल आलेला नाही. संकेतस्थळावर आसन क्रमांक टाकला की ‘निकाल राखून ठेवला आहे’ एवढीच ओळ दिसते. विद्यापीठाच्या खिडकीवर ‘कॉलेजला विचारा’ असे सांगतात आणि कॉलेजच्या कार्यालयात ‘आमच्याकडून सगळे गेले आहे’ असे सांगतात. दुसऱ्या महाविद्यालयातील मैत्रिणीचा निकाल मात्र लागला आहे. पुण्याच्या एका संस्थेत एम.एस्सी.ला तात्पुरता प्रवेश मिळाला असून, महिनाअखेरपर्यंत गुणपत्रिका दिली नाही तर तो रद्द होईल. मामा म्हणतात, ग्राहक न्यायालयात जा, भरपाई मिळेल. वडील हिंगणा एमआयडीसीत नोकरीला आहेत. ते म्हणतात, वकिलाला द्यायला पैसे नाहीत, आणि विद्यापीठाशी वैर घेतले तर उद्या नापास करतील. तिचा प्रश्न असा, की विद्यापीठावर केस करता येईल का?

उत्तर :

करता येईल. मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ तुमच्या शहरातच, सिव्हिल लाइन्समध्ये आहे आणि तुमच्यासारख्या विद्यार्थ्यांचे ऐकून घेण्याचा पूर्ण अधिकार त्याला आहे. मात्र वकिलाकडे जाण्याआधी तुमच्याच पत्रातील एका वाक्याकडे तुमचे लक्ष वेधायचे आहे. मैत्रिणीचा निकाल लागला, हे तुम्ही ओघात लिहून गेलात. माझ्या मते पत्रातील सर्वांत महत्त्वाची माहिती तीच आहे, कारण तुमची वाट कोणती हे तिच्यावरून ठरते.

आधी कायदा काय म्हणतो ते पाहू. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ च्या कलम ८९ नुसार एखाद्या अभ्यासक्रमाची परीक्षा ज्या दिवशी संपते, त्या दिवसापासून ३० दिवसांत निकाल जाहीर करण्याचा प्रयत्न विद्यापीठाने करायचा असतो, आणि कोणत्याही परिस्थितीत तो ४५ दिवसांच्या आत जाहीर करायचा असतो. हे दिवस तुमच्या शेवटच्या पेपरपासून नव्हे, तर त्या अभ्यासक्रमाच्या परीक्षेच्या शेवटच्या तारखेपासून मोजायचे, हे लक्षात ठेवा. या एका चुकीमुळे तक्रारअर्ज पहिल्याच भेटीत परतवला जाऊ शकतो. ४५ दिवसांतही निकाल लागला नाही, तर परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांनी विलंबाच्या कारणांचा अहवाल तयार करून तो कुलगुरूंमार्फत कुलपतींना, म्हणजे राज्यपालांना, आणि राज्य शासनाला द्यायचा असतो. त्यावर कुलपती योग्य ते निर्देश देऊ शकतात. ही तरतूद नुसती कागदावरची नाही. २०१७ मध्ये मुंबई विद्यापीठाने उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासण्याची पद्धत घाईने लागू केली आणि निकाल रखडले, तेव्हा कुलपतींनी ३१ जुलैची मुदत घालून दिली होती. ती पाळली गेली नाही, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये तेथील कुलगुरूंना पदावरून दूर करण्यात आले. त्याच अधिनियमातील पुढचे कलम ९० मात्र असेही सांगते, की केवळ वेळापत्रक पाळले नाही या कारणावरून परीक्षा किंवा निकाल अवैध ठरत नाही. म्हणजे मुदत उलटल्याने तुम्हाला आपोआप काही मिळत नाही. तुम्हाला मिळतो तो जाब विचारण्याचा भक्कम आधार.

आता तुमच्या मैत्रिणीकडे वळू. तिचा आणि तुमचा अभ्यासक्रम एकच असेल आणि तिचा निकाल लागला असेल, तर विद्यापीठाच्या नोंदीत त्या अभ्यासक्रमाचा निकाल जाहीर झालेला आहे; राखून ठेवला आहे तो तुमचा एकटीचा, किंवा तुमच्या महाविद्यालयातील काही जणांचा. अशा वेळी ‘४५ दिवस उलटले’ एवढ्याच मुद्द्यावर तुम्ही न्यायालयात गेलात, तर विद्यापीठाचे वकील उभे राहून सांगतील, की आम्ही निकाल मुदतीत लावला, या विद्यार्थिनीचे अंतर्गत गुणच महाविद्यालयाकडून आले नाहीत. मग महाविद्यालयाला नोटीस, त्याच्या उत्तरासाठी पुढची तारीख, आणि तोवर तुमची महिनाअखेर निघून गेलेली असेल. विद्यापीठच निकाल अडवून बसले आहे, हे तुम्ही गृहीत धरले आहे. तसे असेलही, पण ते अजून कोणी तुम्हाला लेखी सांगितलेले नाही. एका खिडकीने दुसरीकडे बोट दाखवावे आणि दुसरीने पहिलीकडे, हा तुमच्यावर होणारा खरा अन्याय आहे आणि तो तोंडी बोलण्यामुळेच चालू राहतो.

म्हणून पहिले काम लेखी निवेदनाचे. ते कुलसचिव, परीक्षा व मूल्यमापन मंडळाचे संचालक आणि तुमचे प्राचार्य अशा तिघांच्या नावे एकच असू द्या, म्हणजे एकमेकांकडे बोट दाखवायला जागा उरणार नाही. मजकूर साधा असावा :

‘मी अमुक महाविद्यालयाची विद्यार्थिनी असून माझा नामांकन क्रमांक व आसन क्रमांक पुढीलप्रमाणे आहे. सहाव्या सत्राच्या परीक्षेचा माझा निकाल राखून ठेवल्याचे संकेतस्थळावर दिसते. तो कोणत्या कारणासाठी व कोणत्या नियमान्वये राखून ठेवला आहे, त्याबाबतची त्रुटी कोणत्या कार्यालयाने दूर करायची आहे, आणि माझे अंतर्गत व प्रात्यक्षिकाचे गुण महाविद्यालयाने कोणत्या तारखेला पाठवले व विद्यापीठास कोणत्या तारखेला मिळाले, हे लेखी कळवावे. माझा पुढील प्रवेश अमुक तारखेपर्यंत गुणपत्रिका सादर करण्यावर अवलंबून आहे. तरी सात दिवसांच्या आत निकाल जाहीर करावा, अन्यथा मला उच्च न्यायालयात दाद मागावी लागेल.’

या निवेदनाला परीक्षेचे प्रवेशपत्र, परीक्षा अर्जाच्या शुल्काची पावती, आधीच्या पाचही सत्रांच्या गुणपत्रिका, पुण्याच्या संस्थेचे तात्पुरत्या प्रवेशाचे पत्र आणि संकेतस्थळावरील त्या ओळीचे तारीख दिसेल असे छायाचित्र जोडा. निवेदन परीक्षा विभागाच्या खिडकीवर देऊ नका, आवक शाखेत द्या आणि तुमच्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक, तारीख व घेणाऱ्याची सही घेतल्याशिवाय तिथून हलू नका. ‘ठेवून जा, साहेब आले की देतो’ असे कोणी म्हणाले, तर नम्रपणे सांगा की पोच हवी आहे. तरीही नकार मिळाला, तर त्याच दिवशी स्पीड पोस्टाने आणि ईमेलने पाठवा. या एका शिक्क्यावर तुमचे पुढचे सगळे उभे आहे. विद्यापीठाला त्याचे कर्तव्य करण्याचा आदेश द्या, असे न्यायालयाकडे मागायचे असेल, तर ते कर्तव्य करा अशी मागणी आधी तुम्ही स्वतः केली होती आणि ती नाकारली गेली किंवा दुर्लक्षित राहिली, हे दाखवावे लागते.

उत्तर काय येते, त्यावर पुढची दिशा ठरेल. माझ्या मते तुमच्या बाबतीत अंतर्गत किंवा प्रात्यक्षिकाच्या गुणांचा घोळ असण्याची शक्यता मोठी आहे : विषय शिक्षकांनी गुण भरले, पण महाविद्यालयाने ते अंतिम करून पाठवले नाहीत, किंवा एका विषयाच्या रकान्यात तुमच्या नावापुढे चुकून गैरहजर अशी नोंद झाली. अशी चूक सुधारता येते. त्यासाठी प्राचार्यांच्या सहीचे पत्र, मूळ गुणयादीची प्रत आणि परीक्षा विभागात ते घेऊन जाणारी जबाबदार व्यक्ती, एवढे पुरते. ती व्यक्ती महाविद्यालयाची असली पाहिजे, तुम्ही नव्हे. नामांकन किंवा पात्रतेची त्रुटी असेल, तर तीन वर्षे शुल्क घेऊन, पाच सत्रांचे निकाल देऊन झाल्यावर सहाव्या सत्रात ती कशी निघाली, हा प्रश्न तुम्ही लेखी विचारला पाहिजे. शुल्क किंवा शिष्यवृत्तीची रक्कम थकल्याचे कारण असेल, तर किती रक्कम आणि कशापोटी, हेही कागदावर मागा. गैरप्रकाराचा आरोप असेल, तर तुम्हाला नोटीस मिळायला हवी, म्हणणे मांडण्याची संधी मिळायला हवी आणि कारणांसह आदेश मिळायला हवा. यांपैकी काहीच न करता निकाल बेमुदत अडवून ठेवणे न्यायालयात टिकणे कठीण आहे. उत्तरपत्रिका सापडत नसल्याचे कोणी तोंडी सांगितले, तर मात्र एक दिवसही थांबू नका. ते लेखी मागा आणि थेट वकिलाला भेटा.

निवेदन दिले त्याच दिवशी आणखी दोन अर्ज करा, कारण त्यांची मुदत त्या दिवसापासूनच सुरू होते. पहिला विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या विनियमांनुसार प्रत्येक संस्थेत अशी समिती असणे बंधनकारक आहे, आणि शैक्षणिक वेळापत्रकात दिलेल्या मुदतीपेक्षा उशिरा निकाल लावणे ही त्या विनियमांत स्पष्टपणे तक्रार मानली आहे. तक्रार मिळाल्यापासून १५ कामकाजी दिवसांत समितीने अहवाल द्यायचा असतो. त्याने समाधान झाले नाही, तर पुढच्या १५ दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालांकडे, म्हणजे विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, अपील करता येते, आणि त्यांनी ३० दिवसांत ते निकाली काढावे अशी अपेक्षा असते. तुमची महिनाअखेर या हिशेबात बसत नाही, हे मला दिसते आहे. तरीही अर्ज करा, कारण ‘आधी तक्रार निवारण समितीकडे का गेला नाहीत’ हा प्रश्न न्यायालयात येऊ शकतो. पर्यायी मार्ग असताना याचिका ऐकायची की नाही, हे न्यायालय परिस्थिती पाहून ठरवते. वेळ हातातून निघून चालली असेल, तर तो मार्ग आडवा येतोच असे नाही.

दुसरा अर्ज माहितीच्या अधिकाराचा. महाराष्ट्रात त्याचे शुल्क १० रुपये आहे. अर्ज एकाच विषयावर आणि १५० शब्दांच्या आत असावा. तुमच्या गुणांच्या पाठवणीच्या तारखा, त्याबाबत महाविद्यालय व विद्यापीठ यांच्यात झालेला पत्रव्यवहार आणि निकाल राखून ठेवण्याच्या टिपणीची प्रत मागा. ‘माझा निकाल का लावला नाही’ असा प्रश्न त्यात विचारू नका; माहिती अधिकारी उपलब्ध कागद देण्यास बांधील असतात, खुलासा करण्यास नव्हे. उत्तराला ३० दिवस लागू शकतात, म्हणून त्याची वाट पाहत बसायचे नाही, पण प्रकरण लांबलेच तर हेच कागद तुमचा पुरावा होतील. पुढे गुणांबद्दल शंका आली, तर स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा परीक्षार्थीचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्येच मान्य केला आहे.

या धावपळीत एक गोष्ट मागे पडू नये. तुमचे जे नुकसान होऊ घातले आहे, ते नागपुरात नव्हे, पुण्यात होणार आहे. म्हणून पुण्याच्या संस्थेला आजच लिहा : निकाल विद्यापीठाकडे प्रलंबित आहे, त्यात माझा दोष नाही, निवेदनाची पोच सोबत जोडली आहे, तरी मुदत वाढवून द्यावी. त्याबरोबर प्राचार्यांकडून एक पत्र घ्या, की ही विद्यार्थिनी सहाव्या सत्राच्या सर्व पेपरांना हजर होती आणि तिचा निकाल अद्याप हाती आलेला नाही. हे पत्र देण्यात प्राचार्यांचे काहीच जात नाही, आणि प्रवेश देणारी संस्था अशा कागदावर अनेकदा काही आठवड्यांची सवलत देते. ती मिळाली, तर कदाचित न्यायालयाची पायरी चढावीच लागणार नाही.

मामांचा सल्ला तुमच्या काळजीपोटी आलेला आहे, पण तो मार्ग घेऊ नका. परीक्षा घेणे, उत्तरपत्रिका तपासणे आणि निकाल लावणे ही परीक्षा मंडळाची वैधानिक जबाबदारी आहे, ती पैसे घेऊन दिलेली सेवा नव्हे, आणि म्हणून परीक्षार्थी हा ग्राहक नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये बिहार शालेय परीक्षा मंडळाच्या प्रकरणात सांगितले. तिथे गेलात तर पहिल्याच हरकतीवर अडकाल. भरपाईचा विचारही आज बाजूला ठेवा. ती मागायची तर नुकसान किती आणि कोणामुळे, हे पुराव्यानिशी सिद्ध करावे लागते, आणि त्यात वर्षे जातात. तुम्हाला आज गुणपत्रिका हवी आहे.

वडिलांच्या दोन्ही शंका मात्र रास्त आहेत, आणि त्यांना नीट उत्तर मिळाले पाहिजे. ‘उद्या नापास करतील’ या भीतीबद्दल त्यांना हे सांगा, की तुमच्या अभ्यासक्रमाचा निकाल लागला आहे, म्हणजे तुमच्या उत्तरपत्रिकांची तपासणीही बहुधा होऊन गेली आहे. अंतर्गत गुण शिक्षकांच्या याद्यांमध्ये उतरलेले आहेत. नोंदवलेले गुण मागाहून बदलणे हा गंभीर गैरव्यवहार ठरेल, आणि ज्या प्रकरणावर न्यायालयाची नजर आहे त्यात तो करायला कोणी सहसा धजावणार नाही. शिवाय याचिका कोणा बाबूविरुद्ध किंवा प्राध्यापकाविरुद्ध नसते. ती संस्थेला तिचे काम करायला सांगण्यासाठी असते. विद्यापीठांना अशा याचिकांची सवय आहे आणि त्यासाठी त्यांचे वकील नेमलेले असतात.

पैशांबद्दल वडिलांना कदाचित हे माहीत नसेल : विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रियांना मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, आणि त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. अनुसूचित जाती-जमातींतील आणि दिव्यांग व्यक्तींनाही हा हक्क आहे. या व अशा काही गटांत न बसणाऱ्यांसाठी उत्पन्नाची मर्यादा लागू होते. नागपूर खंडपीठात उच्च न्यायालयाची विधी सेवा उपसमिती आहे, आणि जिल्हा न्यायालयातील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणातही चौकशी करता येते. १५१०० हा राष्ट्रीय मदत क्रमांक आहे. वडिलांना सोबत घेऊन जा. विद्यापीठ आणि न्यायालय ही दोन्ही नावे ऐकून ज्या माणसाला धास्ती वाटते, त्याने ती जागा एकदा स्वतः पाहिलेली बरी.

निवेदनाचे सात दिवस उलटून काहीच हालचाल झाली नाही, तर संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका दाखल करा. तिच्यात महादेश, म्हणजे वकिलांच्या बोलीत मॅण्डामस, मागायचा असतो : विद्यापीठाने व महाविद्यालयाने ठराविक दिवसांत माझा निकाल जाहीर करून गुणपत्रिका द्यावी. विद्यापीठाबरोबर महाविद्यालयाला प्रतिवादी करायला विसरू नका. प्रवेश वाचवण्यासाठी अंतरिम आदेश हवा असेल, तर पुण्याच्या संस्थेलाही प्रतिवादी करावे लागेल. जी संस्था समोरच नाही, तिला बांधणारा आदेश मिळण्याची अपेक्षा धरता येत नाही. प्रवेशाची शेवटची तारीख याचिकेच्या पहिल्या पानांतच ठळकपणे यावी आणि वकिलांनी तातडीच्या सुनावणीची विनंती करावी. मुदतीच्या आदल्या दिवशी धावत गेलात तर न्यायमूर्तींनाही फारसे काही करता येत नाही. मुदतीआधी किमान आठ-दहा दिवस हाताशी असावेत. न्यायालय तुम्हाला उत्तीर्ण करणार नाही, गुण देणार नाही. ते बहुतेक वेळा मुदत ठरवून देईल, आणि तुम्हाला हवे आहे तेही तेवढेच. अनेकदा याचिकेची प्रत विद्यापीठाच्या वकिलांच्या हाती पडताच फाइल हलू लागते आणि सुनावणीच्या आत निकाल येतो. हे कामकाज आपल्या व्यवस्थेला शोभणारे नाही, पण आज तुम्हाला त्याचा उपयोग करून घ्यावाच लागेल.

हे वाचणाऱ्या इतर विद्यार्थ्यांपैकी ज्यांच्या संपूर्ण अभ्यासक्रमाचाच निकाल रखडला आहे, त्यांची वाट थोडी निराळी आहे. त्यांनी कलम ८९ चा थेट आधार घ्यावा, सर्वांच्या सह्यांचे निवेदन कुलगुरूंना द्यावे, त्याची प्रत कुलपतींना पाठवावी आणि विलंबाचा अहवाल पाठवला का, हे विचारावे. अधिसभेतील, म्हणजे विद्यापीठाच्या सिनेटमधील, सदस्यांना गाठणे, विद्यार्थी संघटनांनी आवाज उठवणे, हे अशा सामूहिक प्रश्नात उपयोगी पडते. एकट्या विद्यार्थ्याच्या नोंदीतील चूक मोर्चाने सुटत नाही. तसेच हा २०१६ चा अधिनियम सगळ्यांना लागू नाही : वैद्यकीय, दंत व परिचर्या अभ्यासक्रम नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाखाली येतात, पशुवैद्यक महाविद्यालये नागपुरातच मुख्यालय असलेल्या पशु व मत्स्य विज्ञान विद्यापीठाखाली, आणि त्यांचे कायदे स्वतंत्र आहेत. अभिमत आणि खासगी विद्यापीठांचेही नियम वेगळे असतात. तिथल्या विद्यार्थ्यांनी कलम ८९ न लिहिता स्वतःच्या विद्यापीठाच्या शैक्षणिक वेळापत्रकाचा आणि अनुदान आयोगाच्या विनियमांचा आधार घ्यावा.

निवेदनात शेवटी आणखी एक मागणी आठवणीने घाला. उत्तरपत्रिकेची छायाप्रत आणि पुनर्मूल्यांकन यांसाठी अर्ज करण्याची मुदत निकालाच्या तारखेपासून मोजतात, आणि तुमच्या वर्गाचा निकाल आधीच लागल्यामुळे तुमच्यापुरती ती संपली, असे तुम्हाला सांगितले जाण्याची शक्यता आहे. म्हणून ही मुदत माझा स्वतःचा निकाल प्रत्यक्ष जाहीर होईल त्या दिवसापासून मोजावी, असे त्यात स्पष्ट लिहा, आणि याचिका करावी लागलीच तर तिच्या मागण्यांतही हे वाक्य येईल, याकडे वकिलांचे लक्ष वेधा.